पडद्याकडे पाठ करून

“आज तुम्ही टीव्ही बघायचा नाही. बघणाऱ्यांकडे बघायचं,” संशोधन विभागातल्या ताईंनी जीपमधून उतरतानाच मला सांगितलं.

१९७६चा डिसेंबर होता. गुजरातेतला खेडा जिल्हा, चरोतरातलं एक गाव. दूध मंडळीच्या, म्हणजे गावच्या सहकारी दूध संस्थेच्या, ओट्यावर लाकडी पेटीत गावाचा टीव्ही ठेवलेला होता. पेटीला कुलूप, किल्ली मंडळीच्या मंत्र्यांकडे. तिकडे मंडळीच्या सेक्रेटरीला ‘मंत्री’च म्हणतात. त्यांनी पेटी उघडली, संच लावला आणि मी त्याच्या शेजारी, लोकांकडे तोंड करून बसलो. समोर शंभर-सव्वाशे माणसं. पुढे मातीत मुलं, त्यांच्यामागे पुरुष, कुणी उकिडवे तर कुणी खाटेवर. अगदी मागे भिंतीला टेकून दुधाची भांडी कमरेवर घेतलेल्या बायका. त्या टीव्ही बघायला आलेल्या नव्हत्या. दूध घालायला आल्या होत्या आणि जाता जाता थांबल्या होत्या.

चालू होता तो कार्यक्रम माझा होता. टेलिव्हिजनसाठी केलेला पहिलाच. विषय म्हशीची काससुजी. सुरुवात मी मोठ्या हौसेनं घेतली होती: पहाट, धुकं, तंबाखूच्या शेतांच्या कडेनं येणारा म्हशींचा कळप, लांबून, न कापता. हा शॉट मिळावा म्हणून मी तीन दिवस पहाटे उठलो होतो. आता तो माझ्या पाठीमागे चालला होता आणि समोरच्या चेहऱ्यांवर काहीच उमटत नव्हतं. मुलं माझ्याकडे बघायला लागली. दोन पुरुषांनी तंबाखूच्या भावाचं बोलणं काढलं. डॉक्टरसाहेब बोलायला लागले तेव्हा मागच्या बायका एकेक करून निघाल्या.

एकाच ठिकाणी काहीतरी हललं. धार काढणाऱ्या हातांचा एक छोटा शॉट होता. तो आला तशी मागची एक बाई दुसरीला कोपरानं ढोसून काहीतरी म्हणाली आणि दोघी हसल्या. ताईंनी वहीत खूण केली. कार्यक्रम संपल्यावर आम्ही त्या बाईंना गाठलं आणि हसण्याचं कारण विचारलं. त्या आधी बोलायलाच तयार नव्हत्या. मग भांडं खाली ठेवून त्यांनी स्वतःचा अंगठा आत मुडपून दाखवला. “आ खोटुं छे,” म्हणाल्या. अशी धार काढली की सड दुखावतो, म्हैस लाथ मारते.

शॉटमधल्या गड्यानं अंगठा मुडपून धार काढली होती. काससुजी होण्याचं ते एक कारण आहे, आणि काससुजी टाळा असं सांगणाऱ्या कार्यक्रमात मी तेच दाखवलं होतं. प्रकाश छान पडला होता म्हणून तो शॉट ठेवला होता. डॉक्टरांच्या नजरेतून तो सुटला, माझ्या सुटला, संकलनाच्या टेबलावर चौघांच्या सुटला. रोज दोन वेळा धार काढणाऱ्या बाईला तो मागच्या रांगेतून, वीसेक हातांवरून दिसला.

रात्री अहमदाबादला परतताना जीपमध्ये मी एक शब्दही बोललो नाही.

मी इथवर कसा आलो ते सांगायला हवं. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये मी दिग्दर्शन शिकलो. माझा डिप्लोमापट पस्तीस मिलिमीटरच्या फिल्मवर होता. आम्हा मुलांच्या डोक्यात तेव्हा इटलीचा दिग्दर्शक रोबेर्तो रोसेलिनी होता. युद्ध संपतासंपता रोमच्या खऱ्या रस्त्यांवर कॅमेरा घेऊन गेलेला हा माणूस साठच्या दशकाच्या सुरुवातीला ‘सिनेमा संपला’ असं सांगून टेलिव्हिजनकडे वळला होता. इटलीच्या टेलिव्हिजनसाठी त्यानं लोखंडाचा इतिहास केला, फ्रान्सच्या टेलिव्हिजनसाठी १९६६ मध्ये चौदाव्या लुईनं सत्ता कशी मुठीत घेतली ते दाखवलं, पुढे सॉक्रेटिस केला, पास्कल केला. लोकांना शिकवायचं, माणूस कसा घडत आला ते घराघरांत पोचवायचं, ही त्याची तळमळ होती. होस्टेलवर आमची यावरून रात्र रात्र भांडणं व्हायची. मी त्याच्या विरुद्ध पक्षात असायचो. एवढा मोठा कलावंत मास्तर झाला याचं मला मनापासून वाईट वाटायचं.

तेव्हा एक गोष्ट माझ्या लक्षात आली नव्हती. त्याच्या त्या वळणाची सुरुवात आपल्याकडेच झाली होती. १९५७चं जवळजवळ सगळं वर्ष तो भारतात हिंडला, आणि त्या प्रवासातून सिनेमाबरोबरच इटली आणि फ्रान्सच्या टेलिव्हिजनसाठी मालिकाही केल्या. सिनेमातला एक भाग हिराकूडच्या धरणावर आहे. ते धरण ओडिशाच्या संबलपूर जिल्ह्यात. आणि १९७५ साली उपग्रहावरून टेलिव्हिजन ज्या वीस जिल्ह्यांत उतरलं, त्यात संबलपूर होतं. हा योगायोग मला फार पुढे कळला, पण कळला तेव्हा अंगावर काटा आला.

इन्स्टिट्यूट संपल्यावर मुंबईत दोन वर्षं जाहिरातपटांवर सहाय्यक म्हणून काढली. मग अहमदाबादहून बोलावणं आलं. इस्रोच्या अंतराळ उपयोग केंद्रात कार्यक्रम करायला माणसं हवी होती. मी पगारासाठी गेलो. वर्षभरात पैसे साठवायचे आणि परत येऊन सिनेमा करायचा, असा बेत होता.

अहमदाबादेत पोचलो तेव्हा ‘साइट’चे, म्हणजे उपग्रहावरून खेड्यांत टेलिव्हिजन पोचवण्याच्या त्या प्रयोगाचे, शेवटचे दिवस होते. १ ऑगस्ट १९७५ ते ३१ जुलै १९७६ असं बरोबर एक वर्ष अमेरिकेच्या नासाचा एटीएस-६ हा उपग्रह आपल्याला मिळाला होता. राजस्थान, बिहार, ओडिशा, मध्य प्रदेश, आंध्र आणि कर्नाटक या सहा राज्यांतली सुमारे २,४०० गावं. प्रत्येक गावात एक संच आणि तीन मीटर व्यासाची तबकडी. ती चक्क कोंबड्यांच्या खुराड्याला लावतात तसल्या जाळीची होती. सकाळी शाळेतल्या मुलांसाठी, संध्याकाळी मोठ्यांसाठी शेती, आरोग्य, कुटुंबनियोजन. विक्रम साराभाईंनी हे स्वप्न पाहिलं, १९६९ मध्ये नासाशी करार झाला, पण ते डिसेंबर १९७१ मध्ये गेले आणि त्यांना यातलं काही पाहता आलं नाही. प्रयोगाची धुरा ज्यांनी वाहिली त्यात एकनाथ चिटणीस होते, आपल्या कोल्हापूरचे. परमुलखात मराठी आडनाव कानावर पडलं की धीर येतो, तसा मला तेव्हा आला होता.

उपग्रह परत गेला तरी खेडा जिल्ह्यातलं काम चालू राहिलं, कारण ते जमिनीवरून चालायचं. अहमदाबादहून पन्नासेक किलोमीटरवर पीज नावाच्या गावी एक किलोवॅटचा छोटा प्रक्षेपक होता. चारशेहून जास्त गावांत मिळून सहाशेच्या आसपास सार्वजनिक संच. एकच जिल्हा, एकच बोली, आणि स्टुडिओपासून प्रेक्षकापर्यंत जीपनं दीड तास. हा दीड तासच सगळ्यात मोलाचा. मुंबईत मी ज्यांच्यासाठी जाहिराती करत होतो ती माणसं मला कधीच भेटली नाहीत. इथे कार्यक्रम संपला की पाच मिनिटांत समोर यायची.

तर काससुजीचा कार्यक्रम परत करायचा ठरला. या वेळी ताईंनी अट घातली: आधी लिहायचं नाही, आधी गावात राहायचं. त्या समाजशास्त्राच्या. कॅमेरा त्यांनी कधी हातात धरला नव्हता, आणि मला वाटायचं, सिनेमातलं यांना काय कळतं. त्यांनी मला तीन प्रश्न लिहून दिले. म्हशीचं काम घरात कोण करतं? मंडळीत सभासद म्हणून नाव कुणाचं आहे? संध्याकाळी सात वाजता ते काम करणारं माणूस कुठे असतं? मी चार दिवस हिंडलो. काम बाईचं होतं. नाव बहुतेक घरांत पुरुषाचं होतं. आणि सात वाजता ती एकतर मंडळीच्या रांगेत होती नाहीतर चुलीपुढे. म्हणजे माझा कार्यक्रम सुरुवातीपासून ज्यांच्याशी बोलत होता त्यांनी आयुष्यात कधी कासेला हात लावलेला नव्हता.

मग आम्ही त्या हसणाऱ्या बेनकडेच गेलो. पहाटे साडेचारला, त्यांच्या गोठ्यात. बरोबर सोनीचा खांद्यावर घ्यायचा रेकॉर्डर होता, अर्ध्या इंचाच्या फितीचा. चांगलाच जड. चित्र पस्तीसच्या मानानं अगदीच पुसट, करडं. पण त्यात एक सोय होती जी पस्तीसमध्ये नव्हती. घेतलेलं लगेच, तिथल्या तिथे दाखवता यायचं. छोटा मॉनिटर आम्ही गोठ्यातल्या बाजेवर ठेवला. बेननी स्वतःचे हात पडद्यावर पाहिले, लाजल्या, मग जवळ सरकून नीट बघितलं आणि म्हणाल्या, “भाई, आमां कंई देखातुं नथी.” काही दिसतच नाही यात.

खरंच दिसत नव्हतं. मी बाजूनं घेतलं होतं, म्हैस, बाई आणि कंदील अशी चौकट जुळवून. त्यांनी मला हाताला धरून स्वतःच्या जागी उकिडवं बसवलं. तिथून कास दिसते, चारही सड दिसतात, अंगठा कुठे आहे तो दिसतो. कॅमेरा तिथे हवा होता, धार काढणाऱ्याच्या डोळ्यांशी. तसा घेतला. परत दाखवला. त्यांनी मान डोलावली.

डॉक्टरांना एक गोष्ट दाखवायची होती. प्रत्येक सडाच्या पहिल्या दोन-तीन धारा भांड्यात न घेता वेगळ्या बघायच्या. दुधात गुठळ्या असतील, ते पाण्यासारखं असेल, तर रोग सुरू होतोय. पहिल्या कार्यक्रमात हे डॉक्टरांनी नुसतं बोलून सांगितलं होतं. आता पितळी वाटीत धार घेऊन पाहिली, तर करड्या पडद्यावर दूध आणि वाटी एकच. कुणीतरी म्हणालं काळं काहीतरी घ्या. बेननी घरातून जुन्या काळ्या साडल्याचा तुकडा आणला, वाटीवर ताणून धरला आणि शेजारच्या घरच्या आजारी म्हशीची धार त्यावर सोडली. पांढरं दूध कापडातून झिरपून खाली गेलं आणि गुठळ्या वर राहिल्या. भिजलेल्या काळ्यावर पाच-सहा पांढरे दाणे. मी क्लोज-अप घेतला आणि तो हलू दिला नाही. पुऱ्या वीस सेकंदांचा.

पुण्यात मला कुणी असला शॉट दाखवला असता तर मी त्याला शॉट म्हटलं नसतं.

अजून एक. धार काढून झाल्यावर बेननी म्हशीपुढे वैरण टाकली. मी कॅमेरा बंद करायला गेलो तर डॉक्टरांनी थांबवलं. वैरण आत्ताच का टाकली, त्यांनी विचारलं. बेन म्हणाल्या, सासू अशीच टाकायची. डॉक्टर म्हणाले, धार काढल्यावर सडाचं तोंड थोडा वेळ उघडं राहतं, तेवढ्यात म्हैस शेणात बसली तर जंतू आत शिरतात. वैरण असली की ती अर्धा तास उभी राहते. बेन त्यांच्याकडे बघतच राहिल्या. “एटले एम,” एवढंच म्हणाल्या. असं आहे होय. सासूची रीत आणि तिचं कारण, दोन्ही एका गोठ्यात पहिल्यांदा समोरासमोर आली होती, आणि कॅमेरा चालू होता.

पुढचा कार्यक्रम त्यावरच उभा राहिला. डॉक्टर विचारणारे झाले आणि बेन सांगणाऱ्या. डॉक्टरांनी ते आनंदानं मान्य केलं, याबद्दल मला त्यांचा आजही आदर आहे. पदवीधर माणसाला गोठ्यात बसून प्रश्न विचारायला लावणं सोपं नसतं. संहिता अशी नव्हतीच. निवेदनाची चार वाक्यं आम्ही तीन वेगळ्या गावांत मोठ्यानं वाचून दाखवली. त्यातला ‘जंतुसंसर्ग’ गेला, ‘स्वच्छता राखवी’ गेलं, अहमदाबादी गुजरातीतले आणखी पाच-सात शब्द गेले आणि चरोतरची बोली आली. मी स्वतः मराठी माणूस. शहरी गुजराती शिकता शिकता नाकी नऊ आले होते, आता ते विसरून दुसरं शिकायचं होतं. कामाची गोष्ट तीनदा यायला हवी हेही ताईंनीच शिकवलं. बाई दूध मापून होईपर्यंत थांबते, मग निघते, तिच्या जागी दुसरी येते. सिनेमागृहातला प्रेक्षक तिकीट काढून अंधारात बसतो, पहिल्यापासून शेवटपर्यंत तुमचा असतो. मंडळीच्या ओट्यासमोरचा प्रेक्षक चार मिनिटांचा. त्या चार मिनिटांत त्याला एक तरी पुरी गोष्ट मिळायला हवी. म्हणून काळं कापड तीनदा आलं.

लांबचे शॉट मी जवळजवळ सोडून दिले. शंभर माणसांमागे उभं राहून त्या संचाकडे बघितलं की कळतं, कळप म्हणजे ठिपके. चेहरा दिसतो, हात दिसतो, कापडावरची गुठळी दिसते. आणि जिथे दिसत नाही तिथे ऐकू येतं, म्हणून मागच्या रांगेसाठी आवाज चोख हवा. संकलनाच्या वेळी मी एकदा संचाकडे पाठ करून सगळा कार्यक्रम नुसता ऐकायचो, ती सवय तिथे लागली.

फेब्रुवारीत तो लागला. मी पुन्हा ओट्यावर लोकांकडे तोंड करून बसलो. सुरुवात थेट बेनच्या हातांवर होती. मागून कुणीतरी त्यांचं नाव घेतलं. रांग हलली, भांडी खाली ठेवली गेली. काळ्या कापडाच्या वेळी पुढच्या पुरुषांना बायकांनी “बेसो ने!” म्हणून खाली बसवलं. अंगठ्याच्या शॉटला एक म्हातारी शेजारच्या सुनेचा हात धरून तिचा अंगठा सरळ करत होती. पडद्यावर त्या क्षणी काय चाललंय हे मला आवाजावरून कळत होतं, आणि ते मी केलंय याचा विसर पडला होता. त्या मुठीवरून माझी नजर हलेना.

सगळं असंच गोड झालं, असं नाही. त्याच वर्षी शेतमजुरांच्या किमान मजुरीवर आम्ही मालिका केली. सरकारनं ठरवलेली मजुरी किती, ती मिळते का, मागायची कशी, आणि जमीनमालकाचं म्हणणं काय. मजूर आणि मालक दोघांना बोलतं केलं होतं. एका गावात, त्याचं नाव लिहीत नाही, दुसरा भाग सुरू झाला आणि मजुरीचा आकडा पडद्यावर आला. खाटेवरचे एक गृहस्थ उठले आणि किल्ली सांभाळणाऱ्याला फक्त म्हणाले, “बंध कर.” संच बंद झाला. कुणी ओरडलं नाही. माणसं काळ्या काचेकडे बघत थोडा वेळ बसून राहिली आणि उठून गेली. कडेला, ओट्यापासून लांब, वेगळी बसलेली माणसं सगळ्यांच्या शेवटी उठली. ती कोण होती हे मला कुणी सांगायची गरज नव्हती. ती नेहमीच तिथे बसायची.

तिसऱ्या दिवशी ताई आणि मी त्यांच्या वस्तीत गेलो. मॉनिटर जीपच्या बॅटरीवर चालवला आणि तोच भाग त्यांच्या अंगणात दाखवला. तो आकडा त्यांनी आम्हाला तीनदा थांबवून वाचायला लावला. दोन आठवड्यांनी परत गेलो तेव्हा कळलं, त्यातल्या तिघांनी मजुरी वाढवून मागितली आणि तेव्हापासून त्यांना कुणी कामाला बोलावलं नाही. एकाच्या घरात लहान मूल आजारी होतं. तो आमच्यावर चिडला नव्हता. “तमे तो साचुं कह्युं,” म्हणाला. तुम्ही तर खरंच सांगितलंत. मला त्याच्या नजरेला नजर देता आली नाही. कार्यक्रम करून जीपनं दीड तासात परत येता येतं, त्याला कुठे जाता येत नव्हतं. त्यानंतर अशा विषयावर काम करताना एक गोष्ट आम्ही पाळली. कार्यक्रम लागायच्या आधी मजुरांबरोबर बसायचं, मागितल्यावर काय होईल ते त्यांच्याच तोंडून काढायचं, आणि एकट्या माणसानं मागायची वेळ येऊ नये अशा तऱ्हेनं तो भाग बांधायचा. पुरेसं होतं का? नव्हतं. पण त्याहून कमी करणं मला पुढे जमलं नाही.

जून १९७७ मध्ये रोसेलिनी गेल्याची बातमी वर्तमानपत्रात कोपऱ्यात आली होती. मी ती पीजच्या रस्त्यावर चहाच्या टपरीवर वाचली. होस्टेलवरची भांडणं आठवली. त्या भांडणांत मी चुकीच्या बाजूला होतो हे मोठ्यानं सांगावंसं वाटलं, पण सोबत फक्त ड्रायव्हर होता आणि त्याला रोसेलिनी माहीत नव्हता. तरी मी त्याला सांगितलं. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं.

वर्षभरासाठी आलेला मी तिथे नऊ वर्षं राहिलो. १९८४ मध्ये खेडा जिल्ह्यातल्या कामाला युनेस्कोचा ग्रामीण संवादाचा पुरस्कार मिळाला तेव्हा मी तिथेच होतो. सिनेमा केला नाही.

इन्स्टिट्यूटमधला माझा डिप्लोमापट डब्यात घालून, नंबर टाकून जपून ठेवलेला आहे. काससुजीचा कार्यक्रम नाही. फिती महाग होत्या आणि मोजक्या होत्या. एका फितीवरचा कार्यक्रम दोन-तीनदा दाखवून झाला की ती पुसायची आणि पुन्हा वापरायची. १९७७च्या पावसाळ्याआधी माझी पाळी आली. मी ती फीत शेवटची लावली, कापडापर्यंत पुढे नेली, ते वीस सेकंद पाहिले आणि गुंडाळून पुसायला दिली. सोमवारी दुसऱ्या गावात शूटिंग होतं, विषय मुलांच्या जुलाबाचा, आणि आमच्याकडे कोरी फीत नव्हती.